एच-१बीवर गाड्यांचा घाऊक धंदा? त्या मेसेजमधलं एकेक वाक्य

बे एरियातल्या मराठी ग्रुपांवर सध्या एक मेसेज फिरतोय. तो माझ्या मावसबहिणीकडे आला. तिने वाचून सोडून दिला असता तर हे लिहायची वेळ आली नसती, पण तिच्या नवऱ्याने एलएलसीचं (म्हणजे धंद्यासाठी काढायच्या छोट्या कंपनीचं) नावसुद्धा ठरवून टाकलंय. आणि नवरा आहे एच-१बीवर.

मेसेजचा मजकूर थोडक्यात असा: ‘कॅलिफोर्नियात होलसेल डीलरचं लायसन्स काढा. हजार डॉलरच्या आत, आठवड्यात हातात. ऑफिस लागत नाही, अपार्टमेंटचा पत्ता चालतो. एच-१बी असला तरी हरकत नाही, ही नोकरी नाही, गुंतवणूक आहे. मग डीलरांच्या ऑक्शनमध्ये अर्ध्या किमतीत गाड्या घ्या, स्वतःला ठेवा, मित्रांना द्या. डीलर प्लेट लावा, रजिस्ट्रेशन नाही, टॅक्स नाही.’

‘एच-१बी असला तरी हरकत नाही, ही गुंतवणूक आहे.’

सगळ्यात आधी हे, कारण बाकीच्या चुका पैशांत निस्तरता येतात, ही येत नाही. एच-१बीवर काम करायची परवानगी असते ती ज्या कंपनीने पिटिशन (व्हिसासाठीचा अर्ज) भरली तिच्याकडे, आणि तेवढीच. गुंतवणूक म्हणजे शेअर घेऊन गप्प बसणं. एलएलसीत नुसता हिस्सा असणंही गुन्हा नाही. पण सकाळी हेवर्डच्या ऑक्शनला जाऊन बोली लावणं, गाडी तपासणं, टायटलवर (गाडीच्या मालकीच्या कागदावर) सही करणं, दुसऱ्या डीलरला फोन करून भाव ठरवणं, याला काम म्हणतात. ‘मी पगार घेतच नाही’ हा बचाव टिकत नाही. धंदा तुमचा आहे आणि नफा तुमच्याच खिशात जाणार आहे.

यावर एक हुशार उत्तर येतं: स्वतःच्याच कंपनीकडून दुसरी एच-१बी भरू. मालक असलेल्या माणसासाठी पिटिशन भरता येते हे खरं, १७ जानेवारी २०२५ पासूनच्या नियमात तशी स्पष्ट तरतूदच आहे. पण ते काम त्या-त्या विषयातली पदवी असल्याशिवाय करता येणार नाही, असं असावं लागतं. जुन्या गाड्या घेऊन विकायला कुठल्या विषयातली पदवी लागते, ते मेसेज लिहिणाऱ्यालाच विचारा.

‘डीएमव्हीने लायसन्स दिलं ना, मग?’ हाही प्रश्न येतो. डीएमव्ही म्हणजे इथलं आरटीओ. ते राज्याचं खातं. काम करायची परवानगी द्यायचा अधिकार केंद्राचा. एकाने दिलेल्या कागदाने दुसऱ्याची अट भागत नाही. उलट हा कागद तुमच्याविरुद्धचा पुरावा ठरतो. अर्जात प्रत्येक मालक, भागीदार, एलएलसीचा प्रत्येक सदस्य आपल्या नावाने वैयक्तिक माहितीचा ओएल २९ फॉर्म भरतो आणि बोटांचे ठसे देतो. म्हणजे ‘मी हा धंदा करतो’ हे तुम्ही स्वतःच, सही करून, सरकारी दप्तरात नोंदवलेलं असतं. पुढे ग्रीनकार्डाच्या आय-४८५ फॉर्मवर ‘परवानगीशिवाय कधी काम केलंय का’ हा प्रश्न येतो. नोकरीवर आधारित अर्जदारांना कायद्यात एकूण १८० दिवसांपर्यंतची सवलत आहे, पण दिवस मोजताना ‘मी फक्त गुरुवारी जायचो’ असं चालत नाही. सुरू केल्यापासून बंद करेपर्यंतचे सगळे दिवस धरले जातात, सुट्ट्यांसकट.

अर्धं सत्य इथे आहे, ते मान्य करतो. जोडीदाराकडे एच-४ (एच-१बीवाल्याच्या कुटुंबाचा व्हिसा) आणि त्यावरचं वर्क परमिट असेल, तर ती किंवा तो स्वतःचा धंदा करू शकतो. मे २०१५ पासून ही सोय आहे. पण परमिट संपलं त्या दिवशी धंदाही थांबवावा लागतो. नूतनीकरणाचा अर्ज टाकला की जुनं परमिट आपोआप लांबायचं, ती सवलत ३० ऑक्टोबर २०२५ पासून केलेल्या अर्जांना नाही. आणि बायकोच्या नावाने लायसन्स काढून नवऱ्याने ऑक्शनला जायचं, हे म्हणजे पुन्हा परवानगीशिवाय काम करण्यावरच येणं. ऑक्शनमध्ये बोली लावणाऱ्या प्रत्येक प्रतिनिधीची नोंद असते.

‘स्वतःला ठेवा, मित्रांना द्या.’

हे लिहिणाऱ्याला लायसन्सच्या नावातला पहिला शब्दही कळलेला नाही. होलसेल लायसन्स म्हणजे गाडी फक्त दुसऱ्या लायसन्सधारक डीलरला विकायची मुभा. सामान्य ग्राहकाला एकही नाही, मग तो मित्र असो, मेहुणा असो. हा नुसता कागदी भेद नाही, कामकाजच वेगळं आहे. किरकोळ विक्री करणारा जुन्या गाड्यांचा डीलर प्रत्येक विक्री आरईजी ५१ या डीएमव्हीच्या फॉर्मवर नोंदवतो. होलसेलवाल्याला मिळतं ते आरईजी ३९६. त्यात घेणाऱ्या डीलरचा लायसन्स नंबर लिहावा लागतो. मित्राचा कुठला नंबर लिहिणार?

मग लोक करतात काय, तर टायटल ‘उघडं’ ठेवतात. आधीच्या मालकाची सही असलेलं टायटल स्वतःचं नाव मध्ये न घालता मित्राच्या हातात द्यायचं, म्हणजे कागदावर मित्राने थेट आधीच्या मालकाकडून गाडी घेतली असं दिसतं. ऑक्शनच्या गाडीत हा आधीचा मालक बहुतेक वेळा बँक, लीज कंपनी किंवा भाड्याच्या गाड्यांची कंपनी असते. ती तुमच्या मित्राला शनिवारी दुपारी पार्किंगमध्ये गाडी विकत नसते, हे डीएमव्हीच्या काउंटरवरच्या कारकुनालाही कळतं. शिवाय टायटलवरच ओडोमीटरची (गाडी किती मैल चालली याची) घोषणा असते, आणि ती प्रत्येक हस्तांतरात खऱ्या विकणाऱ्याने खऱ्या घेणाऱ्याला करायची असते. २०११ आणि नंतरच्या मॉडेलांना ही अट २० वर्षं आहे. मधला माणूस गाळला की ती घोषणा खोटी ठरते, आणि ओडोमीटरचा कायदा केंद्राचा आहे.

मित्राचंही भलं होत नाही. डीलर ते डीलर व्यवहारात स्मॉग सर्टिफिकेट (गाडीच्या धुराच्या चाचणीचा दाखला) लागत नाही, म्हणून ऑक्शनमधल्या गाडीने ती चाचणी पास केलीच असेल असं धरता येत नाही. मित्र नाव चढवायला जातो तेव्हा स्मॉग मागतात, गाडी नापास होते, आणि कॅटॅलिटिक कन्व्हर्टरच्या (धूर स्वच्छ करणाऱ्या भागाच्या) खर्चावरून मैत्री तुटते.

‘हजार डॉलरच्या आत, आठवड्यात.’

हिशेब करू. डीएमव्हीची अर्ज फी १७५ डॉलर, परत न मिळणारी. एलएलसी काढली तर नोंदणीचे ७०, माहितीपत्रकाचे २० आणि राज्याचा किमान फ्रँचाइज टॅक्स ८००. झाले १,०६५. अजून क्लास नाही, बाँड (डीलरने पैसे बुडवले तर भरपाईची हमी) नाही, जागा नाही. (२०२१ ते २०२३ मध्ये काढलेल्या एलएलसींना पहिल्या वर्षी ८०० माफ होते. जुने व्हिडिओ तिथेच अडकलेत.) एलएलसी न काढता स्वतःच्या नावाने धंदा केला तर हा खर्च वाचतो, पण मग एका खराब व्यवहाराचा दावा थेट घरच्या खात्यावर येतो.

क्लास ६ तासांचा, त्यानंतर डीएमव्हीची परीक्षा: ४० प्रश्न, ७० टक्के, म्हणजे २८ बरोबर. दर खेपेला १६ डॉलर. अवघड नाही, पण घाऊकवाल्याला सूटही नाही.

बाँडबद्दल मेसेज गप्प आहे, आणि लोकांचा सर्वांत मोठा गैरसमज तिथेच. कॅलिफोर्नियाच्या व्हेइकल कोडचं (वाहन कायद्याचं) कलम ११७१० काढून वाचा. या अख्ख्या मेसेजपेक्षा ते एक कलम उपयोगाचं आहे. डीलरला ५०,००० डॉलरचा बाँड लागतो. फक्त घाऊक विकणारा आणि वर्षाला २५ पेक्षा कमी गाड्या विकणारा असेल तर १०,००० चा. ही रक्कम भरायची नसते, त्यावरचा वार्षिक हप्ता भरायचा असतो, आणि तो तुमच्या क्रेडिटवर ठरतो. इथवर दिलासा. पण बाँड म्हणजे विमा नव्हे. तुम्ही कुणाचे पैसे बुडवले आणि बाँड कंपनीने ते चुकते केले, तर कंपनी ते तुमच्याकडून वसूल करते. तशी वैयक्तिक हमी तुमच्याकडून आधीच लिहून घेतलेली असते. छोटा बाँड घेतलेल्याने वर्षातल्या २५ व्या गाडीच्या आधी थांबायचं किंवा मोठा बाँड घ्यायचा. डिसेंबरमध्ये हे विसरणारे असतात.

आठवड्यात होतं म्हणणाऱ्याने एक पाहावं: ठशांचा निकाल, नगरपालिकेची सही आणि डीएमव्हीच्या निरीक्षकाची भेट, या तिन्ही गोष्टी तुमच्या हातात नसतात.

‘ऑफिस लागत नाही.’

घाऊकवाल्याला गाड्या मांडायला लॉट लागत नाही, एवढंच खरं आहे. ऑफिस लागतं. धंद्याची कागदपत्रं तिथे असावी लागतात, निरीक्षक येऊन पाहतो, नंतर कधी न सांगताही येतो. ओएल ९०२ या फॉर्मवर ‘या जागेत हा धंदा चालेल’ अशी त्या गावच्या किंवा काउंटीच्या झोनिंग अधिकाऱ्याची संमती लागते. पोस्टबॉक्स चालत नाही, तासावर भाड्याचं टेबल चालत नाही. अपार्टमेंटचा करार तर उघडून पाहा, धंद्याला मनाई असलेलं कलम बहुतेक ठिकाणी सापडेल.

याच मेसेजच्या एका आवृत्तीत ‘दुसऱ्या राज्यात स्वस्त लायसन्स काढा’ असंही आहे. लायसन्स त्या राज्यातल्या जागेपुरतं असतं. फ्रीमाँटमध्ये राहून, फ्रीमाँटमधून गाड्या विकून, तिसरीकडच्या भाड्याच्या खोलीचं लायसन्स दाखवणं म्हणजे कॅलिफोर्नियात बिनलायसन्सचा धंदा करणंच.

‘ऑक्शनमध्ये अर्ध्या किमतीत.’

मॅनहाइमसारख्या डीलर ऑक्शनमध्ये तुमच्या शेजारी कोण उभं असतं? मोठ्या शोरूमांचे जुन्या गाड्यांचे खरेदीदार, रोज हेच करणारे. प्रत्येकाच्या फोनवर मॅनहाइम मार्केट रिपोर्ट उघडा असतो. तसल्याच गाड्या तेवढ्याच मैलांना परवा काय भावाने गेल्या, हे सगळ्यांना सारखंच दिसतं. तिथे अर्ध्या किमतीत काही सुटलं, तर ते का सुटलं हे आधी विचारा.

उत्तर बहुधा गाडी ज्या लेनमधून लिलावाला येते, त्या लेनवरच्या दिव्यात असतं. हिरवा असेल तर गाडी चालती म्हणून विकली जातेय, मोठा बिघाड निघाला तर ठरावीक मुदतीत आर्बिट्रेशनला (ऑक्शनच्या लवादाकडे) जाता येतं. पिवळा म्हणजे काही दोष जाहीर केलेले आहेत, ते ऐकायची जबाबदारी तुमची. लाल म्हणजे आहे तशी. गिअरबॉक्स गेटबाहेर बसला तरी तो तुमचाच. निळा म्हणजे टायटल अजून हजर नाही. नवखे लालला घाबरतात, पण बुडतात निळ्यात. गाडी अंगणात उभी, पैसे अडकलेले, कर्जाने घेतली असेल तर व्याज चालू, आणि टायटल नाही म्हणून पुढे विकता येत नाही. ऑनलाइन यादीत काय छापलंय याला महत्त्व नाही, लिलाव पुकारणाऱ्याने तोंडी जे जाहीर केलं ते शेवटचं. कानात इअरफोन घालून उभं राहणाऱ्याचा पहिला धडा इथेच होतो.

वर ऑक्शनची खरेदी फी, जी गाडीच्या किमतीबरोबर चढते. खरेदीनंतरची तपासणी हवी तर तिचे पैसे. ट्रकने न्यायची तर वाहतूक. आणि घाऊकवाला पुन्हा ऑक्शनमध्येच विकायला गेला तर विक्री फीसुद्धा. त्यामुळे या धंद्यात कमावणारा माणूस स्वस्त गाडी शोधत नाही. कुठल्या लॉटवाल्याला कुठली गाडी हवी आहे हे त्याला खरेदीआधीच ठाऊक असतं.

‘रजिस्ट्रेशन नाही, टॅक्स नाही.’

पुन्हा अर्धं सत्य. विक्रीसाठी घेतलेल्या गाडीवर खरेदीच्या वेळी सेल्स टॅक्स लागत नाही, कारण तुम्ही रिसेल सर्टिफिकेट देता. त्यासाठी सीडीटीएफएकडून (राज्याच्या विक्रीकर खात्याकडून) सेलर्स परमिट घ्यावं लागतं. ते फुकट आहे. पण तीच गाडी घेऊन तुम्ही रोज ऑफिसला जायला लागलात, की ती विक्रीपुरती राहिली नाही. यूज टॅक्स (वापरावरचा कर) लागतो, आणि कॅलिफोर्नियात हा दर ७.२५ टक्क्यांपासून सुरू होतो. डीलर प्लेट धंद्याच्या ताब्यातल्या गाड्यांसाठी असते, मित्राला दिवाळीपर्यंत वापरायला दिलेल्या गाडीसाठी नव्हे. घरच्या गाडीच्या पॉलिसीत धंद्याच्या गाड्या सहसा येत नाहीत, वेगळी गॅरेज पॉलिसी लागते. आणि नफ्यावर आयकर आहेच, स्वतःच्या नावाने धंदा असेल तर त्यावर १५.३ टक्के सेल्फ-एम्प्लॉयमेंट टॅक्ससुद्धा.

ज्यांच्याकडे ग्रीनकार्ड, नागरिकत्व किंवा चालू वर्क परमिट आहे आणि हे खरंच करायचं आहे, त्यांनी क्रम उलटा करू नये. आधी जागेवर झोनिंगची संमती, मगच भाडेकरार. करार आधी केला आणि संमती नाकारली तर भाडं भरत बसावं लागतं. मग क्लास, परीक्षा, सेलर्स परमिट, बाँड, ठशांचा डीएमव्ही ८०१६, आणि शेवटी ओएल १२ चा अर्ज. एलएलसी, भाडेकरार, बाँड आणि अर्ज या चारही ठिकाणी धंद्याचं नाव स्वल्पविरामासकट एकच ठेवा. बाँडवर ‘एलएलसी’च्या आधी स्वल्पविराम आणि अर्जावर नाही, एवढ्यावरूनही फाइल परत येऊ शकते.