‘काकू, फ्रॉकवाला घ्या, सगळं झाकलं जाईल’

आज डोकं फिरलंय म्हणून लिहितेय. लांबलचक होणार आहे, तरी वाचा.

मोठ्या जाऊबाईंना, म्हणजे आमच्या ताईंना, घेऊन स्विमिंग कॉस्च्यूम आणायला गेले होते. डॉक्टरांनी गुडघ्यांसाठी पोहायला सांगितलंय, सोमवारपासून लेडीज बॅच सुरू. दुकानातल्या पोराने ताईंकडे वरपासून खालपर्यंत बघितलं, माप विचारलं नाही, काय आवडतं ते विचारलं नाही, सरळ कप्प्यातून खाली गुडघ्यापर्यंत पॅन्ट आणि वर झालरवाला फ्रॉक असला काळा कॉस्च्यूम काढून काउंटरवर टाकला. "काकू, हा घ्या, यात सगळं झाकलं जातं." आणि ताई, ज्या वाईजवळच्या त्यांच्या गावात पाठीला पत्र्याचा डबा बांधून विहिरीत पोहायला शिकल्या, पुढे डबा सोडून काठावरून सूर मारायच्या, त्या ताई पदर सारखा करत म्हणाल्या, "बरं, तोच द्या."

ते "बरं" माझ्या डोक्यातून जातच नाहीये.

झाकायचं काय आहे हो? बाई पोहायला चाललीये! तिला पाय मारता आले पाहिजेत, पाण्यातून वर येताना मागून कापड ओढत बसायला लागू नये, कमरेला वळ उठू नयेत, बस. तो फ्रॉक पाण्यात उतरला की फुगून वर तरंगतो, पोहताना मागे ओढतो, आणि बाहेर आलं की मांडीला चिकटून बसतो. आणि एवढं करून त्याचा काठ येतो कुठे, तर बरोबर मांडी जिथे सगळ्यात जाड असते तिथे, म्हणजे जे लपवायला म्हणून घेतलं तेच आणखी रुंद दिसतं. काठ त्याच्या वर तरी संपावा नाहीतर खाली तरी. साधी गोष्ट आहे, पण सांगणार कोण, त्या पोराला तर बाईचं शरीर म्हणजे एस, एम, एल आणि ‘काकू’ एवढंच माहिती.

हो, काही जणींना फ्रॉकच आवडतो, त्यात मोकळं वाटतं, मान्य. त्यांनी जरूर घ्यावा. पण स्वतः निवडून घ्यावा ना, दुकानदाराने वय बघून हातात कोंबलेला नको.

खरी गोची खालच्या भागाची असते. आपल्याकडे कितीतरी जणींचं वरचं माप एक आणि खालचं दोन साइज मोठं, आणि दुकानात मिळतो अख्खा एकसंध कॉस्च्यूम. वर बरोबर बसला तर खाली काचतो, खाली बसला तर वर ढगळा. त्यात धड लांब असेल तर खांद्याला ताण येतो आणि खालून सारखा वर चढतो. बायांनो, वरचा आणि खालचा वेगळा मागा. मिळतात. खालच्यासाठी नुसती कंबर मोजू नका, टेप पार्श्वभागाच्या सगळ्यात भरलेल्या जागेवरून फिरवा. कोरडा असताना अंगाला नीट बसेल असा घ्या, कारण ओला झाला की कापड ढिलं पडतं. घातला की उकिडवं बसा, मांडी घाला, पाय फाकवून बेडकासारखी लाथ मारून बघा. कुठे काही ओढावं लागलं, तर तो आपला नाही.

पोट सुटलंय वाटत असेल तर बेंबीच्या वर जाणारा, रुंद पट्ट्याचा घ्या, बारीक इलॅस्टिक पोटात रुततं आणि वर वळी काढतं. सिझेरियनचा व्रण टोचत असेल तर तेच, पट्टा व्रणावर येता कामा नये. मांड्या घासत असतील तर मांडीच्या मध्यापर्यंतची घट्ट शॉर्ट्स. कंबर सैल राहत असेल तर आतून नाडी असलेला बघा. आणि हे खास सांगते, नितंब भारी असणाऱ्या बायकांना उलट पायाचा कट जरा वर असलेलाच छान दिसतो, पाय लांब दिसतात. हे ऐकून कुणी नाक मुरडणार असेल तर खुशाल मुरडा. फिक्या रंगाला मात्र आतून अस्तर हवंच.

कॉटनची लेगिंग घालून उतरू नका एवढं ऐका, ती पाणी पिऊन जड होते आणि पूलवाले तशीही हाकलतात.

आणि काय गंमत बघा, जग दोन्हीकडून छळतं. इथे झाका झाका, आणि तिकडे २०२१ मध्ये नॉर्वेच्या बीच हँडबॉल खेळणाऱ्या मुलींनी बिकिनीच्या खालच्या भागाऐवजी शॉर्ट्स घातल्या म्हणून टीमला १५०० युरो दंड! पुढे बोंबाबोंब झाली आणि त्याच वर्षी नियम बदलावा लागला. ऑलिम्पिकला पूलमध्ये पोहणाऱ्या कितीतरी बायका गुडघ्यापर्यंतचाच सूट घालतात, २०१० पासून नियमच आहे खांद्यापासून गुडघ्यापर्यंतच्या आत, पण त्यांचा तो अंगाला घट्ट बसलेला असतो, झालरी लावलेला नसतो. म्हणजे लांब की आखूड हा वादच नाहीये. ठरवतंय कोण हा वाद आहे.

असो. ताईंचा तो "बरं" मी तिथेच थांबवला. त्या पोराला म्हटलं, ठेव आत, आणि बाहेर पडलो. दुसऱ्या दुकानात गल्ल्यावर एक मावशी होत्या, त्यांनी काही न बोलता टेप काढला, मापं घेतली आणि पडद्यामागे जागा दिली, आतल्या कपड्यांवरून घालून बघा म्हणाल्या. खालचं घालून बघू देत नाहीत बहुतेक दुकानांत, स्वच्छतेचा प्रश्न आहे, तेही खरं, पण असा मार्ग काढता येतो ना! ताईंनी गर्द जांभळा निवडला. उंच कमरेची शॉर्ट्स, वर वेगळा टॉप. आत गेल्या त्या बराच वेळ आल्याच नाहीत, मी हाक मारली तर आतून म्हणतात, "अगं थांब, उकिडवी बसून बघतेय." मला एकदम भरून आलं.

घरी आणून साध्या पाण्यात खळबळून सावलीत वाळवा, मशीनला लावू नका, पिळू नका, क्लोरीनने लायक्रा लवकर जातं.

आता एक काम करा. तुमच्या भागात ज्या दुकानात बायकांना नीट मापं घेऊन, घालून बघू देतात, त्यांची नावं कमेंटमध्ये टाका, मी यादी करते. आणि आपल्या सोसायटीतल्या कुणाला मापं घ्यायची असतील तर संध्याकाळी सातनंतर घरी या, टेप आहे.