कंटेम्प्ट टाकलं की पैसे खात्यात?

'हायकोर्टाचा आदेश हाती आला? तीस दिवस थांबा, कंटेम्प्ट टाका. साहेब जेलात, थकबाकी व्याजासह खात्यात!' शिक्षकांच्या आणि सेवानिवृत्तांच्या ग्रुपवर हा मेसेज शिरपूरपासून रावेरपर्यंत फिरतोय. कंटेम्प्ट म्हणजे कोर्टाचा आदेश पाळला नाही म्हणून टाकायची अवमान याचिका.

आधी 'आदेश हाती आला' हेच घ्या. कसला आदेश? परवा एक आप्पा वरिष्ठ वेतनश्रेणीचा निकाल घेऊन आले. औरंगाबाद खंडपीठाचा, जळगाव, धुळे, नंदुरबारची प्रकरणं तिकडेच चालतात. पहिली तीन पानं त्यांनी पिवळ्या पेनाने रंगवली होती. कामाचं वाक्य शेवटच्या पानावर, कोरंच : अर्जावर आठ आठवड्यांत निर्णय घ्यावा. 'वेतनश्रेणी द्या' नव्हे, 'निर्णय घ्या'. कार्यालयाने सातव्या आठवड्यात निर्णय घेतला : अपात्र. आप्पांच्या लेखी हा कोर्टाचा अपमान, कायद्याच्या लेखी आदेशाचं पालन. नकार चुकीचा असेलही, पण त्यासाठी नवी याचिका लागते. सर्वोच्च न्यायालयाने जे. एस. परिहार प्रकरणात १९९६ सालीच हे सांगून ठेवलंय. "म्हणजे पुन्हा अजिंठ्याचा घाट ओलांडून खंडपीठात?" आप्पा म्हणाले. हो भो, पुन्हा.

कंटेम्प्ट टाकण्याआधी 'तीस दिवस थांबा' असं कायद्यात कुठेच नाही. आदेशात लिहिली असेल ती मुदत. आदेशाची प्रत कार्यालयात द्या आणि आपल्या प्रतीवर आवकचा शिक्का घ्या, कारण साहेबांना आदेश ठाऊक होता हे दाखवावं लागतं. मेसेजने गाळलेली मुदत मात्र पक्की आहे : १९७१ च्या न्यायालय अवमान कायद्याचं कलम २०, कंटेम्प्ट टाकायला एक वर्ष. 'फाईल मंत्रालयात गेलीय' या एका वाक्यावर ते वर्ष घालवलेली माणसं मी पाहिलीत.

'साहेब जेलात.' जास्तीत जास्त सहा महिने साधी कैद, दोन हजार दंड, तोही आदेश जाणूनबुजून मोडला हे सिद्ध झालं तर. मनापासून माफी मागितली तर कोर्ट सोडूही शकतं. एरवी नोटीस गेली की पुढच्या तारखेला पालनाचा कागद हजर होतो. पण जेल होतच नाही, असंही समजू नका. आपल्या नवापूरचे स्वरूपसिंग नाईक यांना २००६ साली सर्वोच्च न्यायालयाने महिनाभराची शिक्षा दिली. वनमंत्री असताना आदेश डावलून आरागिरण्यांना परवाने दिल्याचं ते प्रकरण, नोकरीचं नव्हे. तरी मंत्री सुटला नाही.

व्याजाचं म्हणाल, तर मूळ आदेशात नसेल ते अवमान याचिकेत मिळत नाही.

मेसेजखाली कुणीतरी उलटं टोक गाठलंय : 'शासनाने अपील केलं की कंटेम्प्ट संपलं.' नुसत्या अपिलाने आदेश थांबत नाही, स्थगिती लागते. बाबूंनी असं सांगितलं तर स्थगितीची प्रत मागा. ती नसेल तर आदेश चालू आहे, आणि तुमचं ते एक वर्षही.