शस्त्रक्रियेआधी खोली निवडा

पित्ताशयात खडे निघाले की लोक आधी चांगला सर्जन शोधायला लागतात. हा अडाणीपणा सोडा. सर्जनची फी तुमच्या पित्ताशयावर ठरत नाही, रात्री तुम्ही कुठल्या खोलीत झोपणार यावर ठरते. तेव्हा आधी खोली बघा.

बऱ्याच मोठ्या खासगी रुग्णालयांच्या दरपत्रकात डावीकडे ऑपरेशनांची नावं असतात आणि वर रकाने: जनरल, ट्विन शेअरिंग, सिंगल, डिलक्स. ऑपरेशन तेच, पण रकाना सरकला की फी चढते. ऑपरेशन थिएटर (ओटी) एकच, दुर्बीण तीच, आणि तुम्ही तर भुलीत गाढ. तरीही डिलक्सवाल्याच्या पोटात शिरायला जादा कसब लागत असणार. त्याशिवाय का कुणी जादा पैसे घेईल?

भूलतज्ज्ञाचा हिशेब त्याहून सोपा. सर्जनच्या फीचा साधारण तिसरा हिस्सा, असा जुना रिवाज आहे. म्हणजे भुलीचं औषध तुमचं वजन बघून देतात आणि भुलीची फी तुमचा सोफा बघून. मग व्हिजिट. सकाळी डॉक्टर दारात येतात, ‘काय, कसं वाटतंय?’ म्हणतात, तुम्ही ‘बरंय’ म्हणता, ते जातात. झाली व्हिजिट. जनरलमधलं ‘बरंय’ स्वस्त पडतं, डिलक्समधलं महाग. डिलक्स घेतलीच असेल तर त्यांना असं सोडू नका. गुडघ्याचं दुखणं काढा, मेव्हण्याच्या शुगरचे रिपोर्ट दाखवा. पैसे वसूल झाले पाहिजेत.

काउंटरवर नावाच्याही आधी विचारतील, ‘इन्शुरन्स आहे ना?’ जोरात हो म्हणा. पॉलिसीतलं खोलीभाड्याचं कलम मात्र अजिबात वाचू नका, मजा जाते. समजा पॉलिसी 5 लाखांची आणि खोलीभाड्याची मर्यादा 1 टक्का, म्हणजे दिवसाला 5,000. तुम्ही ऐटीत 10,000 ची खोली घेतलीत. तुमचा हिशेब असा, की दोन दिवसांचा फरक 10,000, तेवढा खिशातून घालू. पण टीपीएचं, म्हणजे विमा कंपनीच्या वतीने दावे तपासणाऱ्या संस्थेचं, गणित वेगळं. हक्काची खोली निम्म्या भाड्याची, म्हणून फीसुद्धा निम्मीच मंजूर. सर्जन 90,000, भूल 30,000, ओटी 40,000, एकूण 1,60,000. त्यातले 80,000 तुमचे. शिवाय 5,000 च्या वरच्या खोलीभाड्यावर जुलै 2022 पासून 5 टक्के जीएसटी लागतो, पण एवढ्या मोठ्या आकड्यापुढे तो दिसतही नाही.

विमा कंपनीला शिव्या घालायच्या तर घाला, पण तिचं म्हणणं अगदीच खोटं नाही. खोलीबरोबर फी फुगवायची पद्धत काही तिने काढलेली नाही. उलट विमा नियामकाने 2020 मध्ये या कपातीला लगाम घातला: औषधं, इम्प्लांट, तपासण्या आणि आयसीयूच्या खर्चावर ती लावायची नाही. जिथे खोलीप्रमाणे दर बदलतच नाहीत, तिथेही नाही. म्हणून भरती होताना ‘तुमच्याकडे सर्जनची फी खोलीप्रमाणे बदलते का?’ असलं काही विचारून बसू नका. उत्तर मिळालं तर पैसे वाचतील.

दरपत्रक दर्शनी भागात लावावं, असं महाराष्ट्राच्या 2021 च्या शुश्रूषागृह नियमांत आहे. ते शोधण्यात वेळ घालवू नका. तो वेळ ओळखीचा नगरसेवक शोधण्यात घाला, कारण डिस्चार्जच्या दिवशी बिलाचं खरं गणित तिथून सुरू होतं. एक फोन जातो, आतून कुणीतरी येतं, छापील बेरजेखाली पेनाने रेघ मारून 7,000 कमी करतं. ते 7,000 सर्जनचे गेले, भूलवाल्यांचे की सोफ्याचे, हे विचारू नका. काउंटरवरच्या मुलीलाही ते सांगता यायचं नाही, आणि तिच्यापुढे अजून चार डिस्चार्ज थांबलेले असतात.