‘चांगली कॉफी परदेशात, उरलेली आपल्याला’: एका रिव्ह्यूला दुकानातर्फे उत्तर

नमस्कार. एक स्टार देताना तुम्ही तीन तक्रारी लिहिल्या आहेत. फिल्टर कॉफी पातळ आणि आंबटसर लागली, पाव किलोचा भाव वर्षभरात दोनदा वाढला, आणि ‘चांगली कॉफी परदेशात जाते, उरलेली हे लोक आपल्याला महाग विकतात’. तिसरी तक्रार मनाला लागली, म्हणून तिच्यावर जरा जास्त लिहितो.

आधी चव. तुम्ही प्यायलात ती निव्वळ अरेबिका (कॉफीची सौम्य चवीची जात) होती, मध्यम भाजलेली, बिनचिकोरीची. चिकोरी म्हणजे कॉफीत मिसळतात ती एका झाडाची भाजलेली मुळं. तिच्यामुळे डिकॉक्शन, म्हणजे फिल्टरमधून उतरणारा कॉफीचा अर्क, दाट आणि काळं होतं, त्यामुळे उडुपी हॉटेलातल्या कॉफीची सवय असेल तर आमची पातळच वाटणार. थोडा आंबटपणा अरेबिकात मुळातच असतो. चिकोरीला मी नावं ठेवत नाही, अनेकांना तीच चव आवडते. पण ती कॉफीपेक्षा बरीच स्वस्त असते आणि कायद्याने मिश्रणात ४९ टक्क्यांपर्यंत चालते. हे प्रमाण पाकिटावर छापावंच लागतं. दोन दुकानांचे भाव ताडून पाहताना तो आकडा आधी वाचा, ही कळकळीची विनंती.

भावाचं म्हणाल तर ब्राझील आणि व्हिएतनाममध्ये पाऊस रुसला आणि जगभर कॉफी कडाडली. फेब्रुवारी २०२५ मध्ये न्यूयॉर्कच्या बाजारात अरेबिका पौंडाला ४ डॉलरच्या वर गेली, हा तिथला तोवरचा उच्चांक होता. चिकमगळूरचा बागायतदार त्याच बाजाराकडे बघून भाव सांगतो, आणि त्याने तो सांगावाच. भाव कोसळले होते तेव्हा त्याचं नुकसान भरून द्यायला आपल्यापैकी कुणी गेलं नव्हतं. शिवाय किलोभर कच्चं बी भाजलं की हाती साधारण ८०० ते ८५० ग्रॅमच येतं.

आता ‘उरलेली’ या शब्दाबद्दल. दुसऱ्या महायुद्धात युरोपची गिऱ्हाइकं तुटली, तेव्हा बागायतदार बुडू नयेत म्हणून सगळी कॉफी एकत्र गोळा करून विकायची पद्धत आली. १९४२ च्या कायद्याने ते काम सरकारच्या कॉफी बोर्डाकडे गेलं. त्यामुळे बागा तगल्या, हे मान्य करायलाच हवं. पण कोणत्या डोंगरावरची, कोणाच्या बागेतली, ही ओळख त्या ढिगात पुसली गेली. प्रतीप्रमाणे पैसे मिळायचे, तेही हप्त्याहप्त्याने, आणि बागेच्या नावाला मोल नव्हतं. ही बंधनं १९९० च्या दशकात सैल होत १९९६ मध्ये पूर्ण सुटली. म्हणजे बागेचं नाव छापलेलं पाकीट आपल्याकडे पिढीभरापूर्वी जवळपास अशक्यच होतं.

आजही देशात पिकणाऱ्या कॉफीचा बराच मोठा भाग बाहेर जातो, इटली त्यातलं मोठं गिऱ्हाईक. पण त्यात मोठा वाटा रोबस्टाचा, म्हणजे कॉफीच्या दुसऱ्या, जास्त कडक आणि स्वस्त जातीचा असतो आणि ती तिथल्या एस्प्रेसोच्या मिश्रणांत किंवा इन्स्टंटमध्ये जाते. निर्यात झाली म्हणजे उत्तम आणि इथे राहिली ती गाळ, असा हिशेब नसतो. चांगलं बी पैसे देणाऱ्याकडे जातं. इतकी वर्षं ते बाहेर गेलं, कारण इथे बहुतेक घरांत चहा, आणि कॉफी म्हणजे दुधात चमचाभर इन्स्टंट.

आम्ही ज्या बागेतून घेतो तिथे सिल्व्हर ओक आणि फणसाच्या सावलीत झाडं आहेत, सावली देणाऱ्या खोडांवर मिरीचे वेल चढलेले. फळं एकदम पिकत नाहीत. फक्त लाल फळं तोडायची तर त्याच झाडाकडे पुन्हा पुन्हा यावं लागतं, आणि तोडणीला माणसं मिळणं दरवर्षी अवघड होत चाललंय. एकाच फेरीत हिरवी-लाल सगळी ओरबाडली तर मजुरी वाचते, चव जाते. खोडकिडा लागला की अरेबिकाचं झाड उपटून जाळावं लागतं, तो खर्च वेगळा. तुम्ही दिलेल्या पैशातला मोठा वाटा या लोकांकडे जातो. त्यांच्या मालाला ‘उरलेली’ म्हटलेलं मला पटत नाही.

तुम्हाला दाट, कडक कॉफी हवी असेल तर गडद भाजलेलं ८० टक्के कॉफी आणि २० टक्के चिकोरीचं मिश्रण आमच्याकडे असतं, आणि ते स्वस्तही आहे. घरी दूध आटवून, जायफळ घालून करता ती कॉफी त्याचीच करून पाहा. काउंटरवर मागितलंत तर तुमच्या फिल्टरला साजेसं दळून देऊ.