झोपलेला आहे म्हणून काय झालं!

आज सकाळपासून ग्रुपाग्रुपांवर एकच व्हिडिओ फिरतोय. किनाऱ्यावर एलिफंट सील, म्हणजे सोंडेसारख्या नाकाचा अवाढव्य समुद्री प्राणी, पसरलाय आणि एक बाप आपल्या लेकराला त्याला खेटून उभं करून फोटो काढतोय. खाली बदामांचा पाऊस. ‘सो क्यूट’ म्हणे! अरे, दोन टनांचा नर आहे तो!

मला लगेच आमचे दाजी आठवले. कॅलिफोर्नियात पिएद्रास ब्लांकासला गेलो होतो. हायवे १ च्या कडेलाच किनारा, कठड्यापलीकडे सीलच सील. दाजींचा एक पाय कठड्यावर. “झोपलाय गं तो, काय करणार आहे?” तिथल्या स्वयंसेवक आजींनी असं झापलं की पाय मुकाट खाली आला.

‘झोपलाय’ इथेच सगळा घोळ आहे. विणीच्या दिवसांत हे मोठे नर तीन-तीन महिने काही खात नाहीत. अंगातली ताकद पुरवायची म्हणून पडून असतात. दुसरा नर माद्यांकडे सरकला की तोच ढिगारा वाळूवरून असा सुटतो की बघणाऱ्याला पळायचं सुचत नाही. आणि तुमच्यावर त्याचा राग नसतो हो. त्याच्या हिशेबात तुम्ही नसताच! भांडणाच्या नादात ते पिल्लंसुद्धा चिरडून पुढे जातात, तिथे दाजींचं काय घेऊन बसलात?

बरं, मान्य, माणसांवर हल्ले क्वचितच होतात. कठडे आहेत, आजी आहेत, म्हणून. चावला तर आणखी वेगळं. सीलच्या तोंडातले जंतू जखमेत गेले की बोट सुजतं, सांधा धरतो आणि पेनिसिलिनचा उपयोग होत नाही, टेट्रासायक्लिन घ्यावं लागतं.

थोड्या वेळाने कठड्याखाली, दाजी उतरणार होते तिथेच, दोन नर छातीला छाती भिडवून एकमेकांच्या मानेला दात मारत होते. रक्त दिसत होतं. दाजी गप्प. गाडीत बसल्यावर मात्र, “ती बाई उगाच ओरडली!”

लिहिता लिहिता राग जरा उतरलाय, आता नुसतं वाईट वाटतंय. तेलासाठी माणसाने यांना इतकं मारलं की उत्तरेकडची ही जात मेक्सिकोच्या ग्वादालुपे बेटाच्या आसऱ्याने कशीबशी तगली. १९२२ साली मेक्सिकोने संरक्षण दिलं. आज लाखाच्या वर आहेत. पिएद्रास ब्लांकासला तर ते १९९० मध्ये यायला लागले. आई जेमतेम चार आठवडे पाजते, तेही स्वतः उपाशी राहून. माणसांच्या गलक्याने ती बिचकली आणि त्या गर्दीत पिल्लू चुकलं, तर त्याला कोण पाजणार? तुमचे बदाम?

बघायला जरूर जा. जानेवारीच्या शेवटी पिल्लं भरपूर असतात. कॅलिफोर्नियातल्याच आन्यो नुएवोच्या राखीव किनाऱ्यावर डिसेंबरच्या मध्यापासून मार्चअखेरपर्यंत वाटाड्याशिवाय आत सोडत नाहीत, फार चांगलं करतात. पंचवीस फूट तरी लांब राहा.

दाजी, तुम्हाला टॅग केलंय. रागवा हवं तर.