येशूला दिवसातून बारा वेळा मारायला माणसं आणली कुठून?

परवा रात्री साडेअकराला भाचीचा मेसेज आला. ती इंग्रजीच्या प्राध्यापकीसाठी लागणाऱ्या पात्रता परीक्षेची तयारी करतेय. तयारीवाल्यांच्या ग्रुपवर ‘मध्ययुगीन नाटक दहा मिनिटांत’ नावाचं एक टिपण फिरतंय, ते तिने मला पाठवलं. वर ‘अनेकदा फॉरवर्ड केलेले’ ही खूण आणि खाली प्रश्न: “मावशी, एवढं पाठ केलं तर चालेल ना?”

नाही चालणार, बाई.

मी अठ्ठावीस वर्षं कॉलेजात इंग्रजी शिकवलं आणि त्याहून जास्त वर्षं हौशी नाटकांत विंगेत उभी राहून सामान सांभाळलं. त्यामुळे या टिपणाने माझ्या दोन्ही शेपट्यांवर एकदम पाय दिला. ते म्हणतं ते थोडक्यात असं. ‘मिस्टरी प्ले’ (मध्ययुगातल्या इंग्लंडात बायबलच्या कथांवर होणारी नाटकं) म्हणजे गूढ नाटक. १२१० साली पोपने पाद्र्यांना रंगमंचावर यायला बंदी केली, म्हणून ही नाटकं कारागिरांकडे गेली. हे कारागीर निरक्षर, त्यामुळे नाटकं ओबडधोबड, ना नेपथ्य ना शिस्त. क्रूसावर चढवायच्या प्रसंगात तर खरे खिळे ठोकत आणि त्यासाठी देहदंड झालेले कैदी उभे करत. शेवटी शेक्सपिअर आला आणि कंटाळलेल्या लोकांनी या नाटकांकडे पाठ फिरवली.

खिळ्यांपासूनच सुरुवात करते, कारण भाचीने नेमक्या त्याच ओळीला पिवळा रंग फासलाय.

आधी साधा हिशेब. यॉर्क शहरात ही नाटकं कॉर्पस ख्रिस्तीच्या, म्हणजे ख्रिस्ताच्या देहाच्या, सणाला मे-जूनमध्ये होत. सृष्टीच्या उत्पत्तीपासून शेवटच्या न्यायनिवाड्यापर्यंत जवळजवळ पन्नास छोटी नाटकं, एकेका धंद्याच्या संघाकडे एकेक. प्रत्येकाचा स्वतःचा चाकांचा गाडा. तो ठरलेल्या रस्त्याने ओढत न्यायचा, साधारण बारा ठिकाणी थांबवायचा आणि प्रत्येक थांब्यावर तेच नाटक पहिल्यापासून करायचं. म्हणजे क्रूसाचा प्रसंग एका दिवसात बारा वेळा. दर वर्षी बारा कैदी? एवढे गुन्हेगार यॉर्कने आणले कुठून? आणि त्या कैद्यांनी आधी संवाद पाठ केले? या नाटकातला येशू दोनदा बोलतो, तेही यमक जुळवलेल्या कडव्यांत.

हिशेब पटत नसेल तर वह्या बघा. कॉव्हेंट्रीत येशूचा खटला आणि मृत्यू हे नाटक लोहारांच्या संघाकडे होतं आणि त्यांच्या जमाखर्चातल्या नोंदी छापलेल्या आहेत. १४५१ ची नोंद: देवाच्या अंगरख्यासाठी पांढऱ्या कमावलेल्या कातड्याचे सहा तुकडे, १८ पेन्स. इथे देव म्हणजे येशू. अंगभर कातडं शिवून नट उघडा असल्याचा भास करायचा. १४९० ची नोंद: देवाला २ शिलिंग, येशूला शिक्षा सुनावणाऱ्या रोमन सुभेदार पिलाताला ४ शिलिंग. (पिलाताला दुप्पट! त्याला आरडाओरडा आणि संवाद जास्त, हे उघड आहे, पण तरी.) १५७३ ची नोंद माझी सगळ्यात लाडकी: फॉस्टन नावाच्या माणसाला ज्यूडासला (येशूला दगा देणाऱ्या शिष्याला) फाशी देण्याचे ४ पेन्स आणि कोंबड्यासारखं आरवण्याचे ४ पेन्स. एकच माणूस, दोन्ही कामं, दर एकच. आपल्याकडे ‘पार्श्वसंगीत आणि इतर’ म्हणून ज्याचं नाव शेवटी घेतात, तोच हा. मरणाऱ्या कैद्याला दोन शिलिंग मानधन कोणी देत नाही.

मग ही अफवा आली कुठून? इथे मला थोडं, अगदी थोडंच, मागे सरावं लागतं. १४३७ साली मेट्झ शहरात झालेल्या नाटकात येशू झालेला माणूस क्रूसावर खरंच मरता मरता वाचला. त्याला उतरवून उरलेल्या प्रसंगासाठी दुसऱ्याला चढवावं लागलं. त्याच प्रयोगात ज्यूडास झालेला गळफासात जास्त वेळ लटकला, बेशुद्ध पडला, त्याला खाली आणून व्हिनेगर चोळून शुद्धीवर आणलं. हा अपघात होता, नाटकाचा भाग नव्हता. मेट्झ इंग्लंडमध्ये नाही, आज ते फ्रान्समध्ये आहे. कैद्याचा किस्सा वेगळाच. १५४९ साली तुर्ने गावात ज्यूडिथच्या नाटकात, ती ज्याचं डोकं उडवते त्या होलोफर्नीस सेनापतीच्या जागी खरा गुन्हेगार उभा करून त्याचं डोकं उडवलं अशी एक सांगोवांगी आहे. तीही इंग्लंडची नाही, तिच्यात येशू नाही, आणि अभ्यासक ती दंतकथेतच जमा धरतात. टिपणवाल्याने दोन्ही किस्से एका पातेल्यात घालून वर इंग्लंडची फोडणी दिली.

मेट्झच्या त्या दोघांबद्दल एक गोष्ट मुद्दाम मागे ठेवली होती. येशू झालेला निकोल आणि ज्यूडास झालेला, दोघेही पाद्री होते. १२१० ची बंदी त्यांच्यापर्यंत सव्वादोनशे वर्षांत पोचलेली दिसत नाही.

त्या बंदीचं मूळ असं. तिसऱ्या इनोसंट पोपने १२०७ साली पोलंडमधल्या ग्निएझ्नोच्या आर्चबिशपला एक पत्र लिहिलं: नाताळच्या दिवसांत चर्चमध्ये मुखवटे घालून जो धुडगूस चालतो आणि ज्यात धर्मसेवकही सामील होतात, तो बंद करा. पत्र पुढे चर्चच्या कायद्याच्या संग्रहात गेलं. त्यावरच्या भाष्यात खुलासा आला की येशूची गव्हाण, हेरोड राजा, पूर्वेकडचे राजे अशा प्रसंगांची नाटकं यात मोडत नाहीत. शिवाय तारखा तर बघा. कॉर्पस ख्रिस्तीचा सण पोपने जाहीर केला १२६४ मध्ये. यॉर्कच्या गाड्यांचा पहिला उल्लेख १३७६ चा. जे अजून जन्मालाच आलं नव्हतं ते १२१० साली पाद्र्यांकडून काढून कारागिरांना दिलं कसं? चर्चमधल्या लॅटिन गाण्यातून हळूहळू चौकातलं नाटक उत्क्रांत झालं, ही विसाव्या शतकाच्या सुरुवातीची मांडणी आहे आणि ती मागे पडूनही साठेक वर्षं झाली. गाईडांना ते कोणी कळवलेलं नाही.

‘मिस्टरी’ या शब्दावर फार वेळ घालवत नाही. मध्ययुगीन इंग्रजीत या शब्दाचा एक अर्थ धंदा, कसब असा होता आणि संघांना तो लावत. फ्रेंचमधून आलेला धार्मिक गूढाचा अर्थही त्यात मिसळला असेल, तेवढी सूट देते. पण ज्यांनी ही नाटकं केली ते त्यांना ‘कॉर्पस ख्रिस्ती प्ले’ किंवा ‘पेजंट’ म्हणत. गाड्यालाही पेजंटच. ‘मिस्टरी’ हे लेबल इंग्रजीत नाटकांना चिकटलं ते अठराव्या शतकात.

आता माझा खरा राग. ‘निरक्षर कारागीर, ओबडधोबड नाटकं, ना नेपथ्य ना शिस्त.’

यॉर्कच्या व्यापाऱ्यांच्या, म्हणजे मर्सर संघाच्या, १४३३ च्या एका करारपत्रात सामानाची यादी आहे. अलेक्झांड्रा जॉन्स्टन आणि मार्गारेट डोरेल या अभ्यासक बायांनी ती १९७१ मध्ये प्रसिद्ध केली. संघाने चार पेजंट-मास्तरांच्या ताब्यात शेवटच्या न्यायनिवाड्याच्या नाटकाचं सामान दिलं, त्याची ही पावती. प्रयोग संपल्यावर ट्रंक बंद करताना मी जशी यादी करते, तशीच. चार चाकांचा गाडा. नरकाचं तोंड. तीन सैतानांचे तीन पोशाख आणि त्यांचे सहा चेहऱ्यांचे तीन मुखवटे, म्हणजे पुढूनही चेहरा आणि मागूनही. देवदूतांच्या पंखांचे दोन जोड, टोकांना लोखंड लावलेले. पांढऱ्या पत्र्याचे दोन कर्णे. मागे रंगवलेला लाल डमास्कचा, म्हणजे नक्षीदार कापडाचा, मोठा पडदा. लाकडी इंद्रधनुष्याचे दोन तुकडे. देवासाठी सोनेरी मुखवटा आणि ‘जखमांचा सदरा’.

जखमांचा सदरा! खिळ्यांच्या खुणा दाखवायच्या तर यॉर्कवाले जखमा रंगवलेला सदरा घालत होते आणि प्रयोगानंतर तो मोजून ट्रंकेत ठेवत होते.

पुढे बघा. देव स्वर्गात वर जाताना बसेल अशी लोखंडी बैठक, चार कोपऱ्यांना चार दोर. लाल रंगवलेले नऊ छोटे देवदूत, ‘स्वर्गात धावण्यासाठी’, आणि त्यांना धावतं ठेवायला एक लांब, बारीक दोरी. ही ओळ मी पहिल्यांदा वाचली तेव्हा हसूच आलं. कोणीतरी त्या गाड्याच्या आत, अंधारात, घामाघूम होऊन बसलेलं असणार, दिवसभर ती दोरी ओढत. प्रेक्षकांना तो दिसत नाही, पण तो थांबला की स्वर्ग थांबतो. याला ‘ना नेपथ्य’ म्हणणाऱ्या माणसाने आयुष्यात एकदा तरी पडदा ओढून बघावा.

शिस्तीचं म्हणाल तर पहाटे चार-पाचच्या मध्यावर सगळ्या नटांनी तयार असावं असा शहराचा हुकूम होता. १४७६ मध्ये नगरपरिषदेने ठरवलं की चार जाणते नट नेमायचे, त्यांनी नट आणि नाटकं तपासायची, आवाज, अंगयष्टी किंवा कसब कमी असेल त्याला बाजूला करायचं. एका नटाने त्या दिवशी दोनदापेक्षा जास्त काम केलं तर ४० शिलिंग दंड. आमच्या हौशी मंडळात हा नियम असता तर निम्मं मंडळ कर्जात गेलं असतं.

आणि कोणाला कोणतं नाटक, हे बघा. नोहाची नौका बांधायचं नाटक जहाज बांधणाऱ्यांना. शेवटचं भोजन पाववाल्यांना. क्रूसाचं नाटक पिनर्सना, म्हणजे टाचण्या-खिळे करणाऱ्यांना. त्या नाटकात चार शिपाई काम करत असतात आणि कुरकुरत असतात. भोकं चुकीच्या जागी पाडलीत, हात पोचत नाही, मग दोर लावून ओढा. क्रूस जड आहे, खांदा निखळला. खड्डा रुंद झाला, क्रूस डुगडुगतोय, पाचरी ठोका. अगदी साइटवरची भाषा. ज्या माणसांच्या हातून रोज खिळे घडत, तीच माणसं शहरासमोर उभी राहून दाखवत होती की वाईट काम किती सहज, निव्वळ ‘काम’ म्हणून होऊन जातं. हे ओबडधोबड असेल तर मला तसलंच नाटक बघायचंय.

एक गोष्ट नाइलाजाने मान्य करते: हुल्लड व्हायची. मरियमच्या अंत्ययात्रेचं नाटक गवंड्यांच्या संघाकडे होतं. त्यांनी १४३१-३२ च्या सुमारास तक्रार केली की या नाटकाने भक्तीपेक्षा हसू आणि गोंगाटच जास्त होतो, कधी मारामाऱ्या होतात, आणि आपली पाळी येईपर्यंत उजेडही उरत नाही. तक्रारीतलं आणखी एक कारण मात्र टिपणवाल्याने वाचावं: या नाटकातला विषय पवित्र शास्त्रात नाही. तुमच्या ‘निरक्षर’ गवंड्यांचा आक्षेप संहितेवर होता.

राहिला शेक्सपिअर. यॉर्कचा शेवटचा प्रयोग १५६९ चा, तेव्हा तो पाच वर्षांचा होता. चेस्टरचा १५७५ चा, आणि तो होऊ दिला म्हणून मेयर सर जॉन सॅव्हेज यांच्याकडे राणीच्या प्रिव्ही कौन्सिलने, म्हणजे सल्लागार मंडळाने, जाब मागितला. १५७६ मध्ये वेकफील्डला यॉर्कच्या धर्मआयोगाचा हुकूम गेला की पिता, पुत्र, पवित्र आत्मा यांपैकी कोणाचंही सोंग आणायचं नाही. देवच नको म्हटल्यावर उरलं काय? कॉव्हेंट्रीत १५७९ नंतर गाडे उभे राहिले ते राहिलेच. लोकांनी पाठ फिरवली नव्हती. प्रॉटेस्टंट सत्तेला ही कॅथलिक वळणाची नाटकं नको होती, म्हणून ती वरून बंद झाली. कॉव्हेंट्री शेक्सपिअरच्या गावापासून फार लांब नाही. हॅम्लेट नटांना बजावतो की हेरोडच्या वर ताण करून ओरडू नका. तो हेरोड याच गाड्यांवरचा. कॉव्हेंट्रीच्या संहितेत तर सूचनाच आहे की हेरोडने गाड्यावर आणि रस्त्यात उतरूनही थयथयाट करावा.

(त्याच १५७९ च्या ऑक्टोबरात थॉमस स्टीफन्स नावाचा इंग्रज गोव्यात उतरला. सृष्टीच्या आरंभापासून ख्रिस्तापर्यंतची तीच कथा त्याने पुढे मराठी ओव्यांत बांधली. दोन्ही गोष्टींचा संबंध जोडत नाही, पण आपल्याकडच्या ‘ख्रिस्तपुराणा’चा कर्ता त्या इंग्लंडातून आला होता, एवढं भाचीला माहीत असावं.)

बंदीनंतरही हे लोकांच्या डोक्यातून गेलं नव्हतं. १६४४ मध्ये जॉन शॉ या धर्मोपदेशकाने कार्टमेल गावच्या एका म्हाताऱ्याला विचारलं, तुझा उद्धार कोण करणार? म्हातारा म्हणाला, तुम्ही म्हणता त्या माणसाबद्दल मी एकदा ऐकलंय खरं. केंडलच्या कॉर्पस ख्रिस्ती नाटकात एक माणूस झाडावर होता आणि रक्त खाली वाहत होतं. टिपणवाल्याने पुरावा म्हणून हे आणलं असतं तर निदान भांडायला मजा आली असती. ते रक्त कोणत्या रंगाचं बनवलं होतं, एवढंच मला विचारायचं होतं.

हे सगळं मी भाचीला तीन व्हॉइस नोटमध्ये पाठवलं. सकाळी उत्तर आलं: “मावशी, भारी आहे. पण पर्यायांत १२१० आलं तर टिक करू का?”

कर गं. आणि ‘यापैकी नाही’ असा पर्याय असेल तर मला फोन कर.