चारित्र्याचा पुरावा आणि देसाईगंजचा खटला
आरोपीचे पूर्वचारित्र्य न्यायालयासमोर मोकळेपणाने मांडू द्यावे, हे एका लेखात मांडलेले मत मला पटत नाही. १८७२ च्या पुरावा कायद्यातील कलम ५३ व ५४ नुसार फौजदारी खटल्यात आरोपीचे चांगले चारित्र्य ग्राह्य होते. वाईट चारित्र्य मात्र, त्याने स्वतःच्या सच्छीलतेचा पुरावा दिल्याशिवाय, सामान्यतः ग्राह्य नव्हते. २०२३ च्या भारतीय साक्ष्य अधिनियमानेही ही तरतूद राखली आहे आणि ती योग्यच आहे, कारण माणसाचा न्याय त्याच्यावर ठेवलेल्या आरोपावरून व्हावा, त्याच्याविषयी गावात चाललेल्या बोलण्यावरून नव्हे.

खेद याचा वाटतो, की आरोपीला मिळालेले हे संरक्षण पीडित स्त्रीला दीर्घकाळ नव्हते. बलात्काराच्या खटल्यात तक्रारदार स्त्री ‘सर्वसाधारणपणे अनैतिक’ असल्याचे दाखवण्याची मुभा १८७२ च्या त्याच कायद्यातील कलम १५५(४) देत होते. १९७२ मध्ये विदर्भातील देसाईगंज पोलीस ठाण्यात एका आदिवासी मुलीवर झालेल्या अत्याचाराच्या खटल्यात सत्र न्यायालयाने तिच्या पूर्वीच्या शरीरसंबंधांना महत्त्व देऊन पोलिसांना निर्दोष सोडले. मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने तो निकाल फिरवला, पण १९७८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यांना पुन्हा दोषमुक्त केले. त्यानंतर देशभर आंदोलन उभे राहिले आणि १९८३ मध्ये कायदा बदलला, तरी १५५(४) रद्द व्हायला २००२ ची दुरुस्ती यावी लागली. आज पीडितेचा पूर्वीचा लैंगिक अनुभव संमतीच्या प्रश्नावर अप्रस्तुत आहे, परंतु उलटतपासणीत तिला ‘इतक्या उशिरा बाहेर काय करत होतीस’ असे विचारले जाते तेव्हा तीच जुनी शंका वेगळ्या शब्दांत परत येते, आणि असे प्रश्न रोखणे हे न्यायाधीशांचे कर्तव्य आहे.